चौथा पाय

आमच्या पातूरच्या घरी लक्ष्मीपूजनाचा एक सागवानी चौरंग आहे. आजोबांच्या हातचा. त्याचे तीन पाय लाकडी खुंट्यांवर उभे आहेत. चौथा मात्र बाबांचा. मूळचा पाय वाळवीने खाल्ला, तेव्हा बाबांनी नवा करवून घेतला, वरून लांबलचक स्क्रू पिळला आणि “आता शंभर वर्षे बघायला नको” असे जाहीर केले. पुढच्याच दिवाळीला पाय डुगडुगू लागला. मग दर धनत्रयोदशीला बाबा पेचकस घेऊन बसत, आणि आई काही न बोलता समई चौरंगाऐवजी जमिनीवर ठेवी. आम्ही मुले हसत असू.

बाबा गेले आणि ते काम माझ्याकडे आले. गेल्या दिवाळीआधी मी ठरवले, तो हट्टी स्क्रू एकदाचा फेकून द्यायचा. मिस्त्रींना बोलावले. त्यांनी पाय उलटासुलटा करून पाहिला.

“बाबांचा स्क्रू वाईट नाही जी, जागा चुकली. पायातल्या रेषा उभ्या, स्क्रूही उभा. आटे धरतील कशाला? ओढ बसली की भुसा होते. भिंतीत फोटो टांगाले आधी लाकडाची गुट्टी ठोकता ना? तसंच हाये हे.”

त्यांनी पायाच्या माथ्यापासून दोन बोटे खाली आडवे भोक पाडले, सरस लावून सागाची गोल खुंटी ठोकली आणि ती रात्रभर वाळू दिली. खुंटीच्या रेषा आडव्या. दुसऱ्या दिवशी वरून बारीक भोक पाडून त्यांनी स्क्रू त्या रेषांना छेदत उतरवला. शेवटचा अर्धा पीळ देताना त्यांचे मनगट थरथरले, इतका तो घट्ट बसला.

“नवा स्क्रू आणू का?” मी आधी विचारले होते.

“काहून? हाच तर चांगला हाये.”

पातूरच्या लेण्यांत छत आणि भिंत एकाच खडकाची. तिथे जोडाची कटकटच नाही. घरात मात्र सगळे जोडलेलेच असते. आजोबांची खुंटी की बाबांचा स्क्रू, असा निवाडा मी इतकी वर्षे मनात उगीच करीत आलो होतो.

त्या संध्याकाळी आईने समई चौरंगावर ठेवली. क्षणभर हात तसाच धरून ठेवला. मग हळूच सोडला.