आधी ठोकून बघ

डोंबिवली, रविवार

प्रिय ताई,


तुझं पत्र काल मिळालं. भाऊजींनी स्वयंपाकघरातल्या टाइल्स फोडायचं ठरवलंय, मिस्त्री मापंही घेऊन गेला, हे वाचलं आणि हातातलं काम टाकून लिहायला बसले. अजून छिन्नी लागली नसेल तर आठ दिवस थांबव त्यांना.

आईच्या स्वयंपाकघराचं काम मी गेल्या वर्षी केलं, तेव्हा मलाही सगळे फोडायलाच सांगत होते. पण जुन्या टाइल्स सिमेंटच्या मालात घट्ट बसलेल्या असतात. एक काढायला जावं तर मागचा गिलावाही ढेपळांनी खाली येतो. भिंतीतले लोखंडी पाइप आतून गंजलेले. त्यांना हादरा बसला की गळती थेट खालच्यांच्या छतात. आणि तो राडारोडा गोण्यांत भरून तीन जिने उतरवायचा.

म्हणून आधी एक कर. दुपारी घर निजलं की लाटण्याच्या टोकाने एकेक टाइल ठोकून बघ. चारही कोपरे आणि मधोमध. घट्ट बसलेली टाइल टणक, आखूड वाजते. सुटलेली असली तर बदबद आवाज येतो, रिकाम्या डब्यासारखा. अशी सापडली की तिच्यावर टिकली लाव. आपल्याकडे नऊ टिकल्या लागल्या, त्यातल्या सहा सिंकच्या मागे. तेवढ्याच काढल्या. बाबांनी 1986 साली उरलेल्या 6 बाय 6 च्या टाइल्स माळ्यावर वर्तमानपत्रात गुंडाळून ठेवल्या होत्या, त्या कामी आल्या.

बाकीच्या भिंतीजवळ डोळे नेले तेव्हा कळलं की जुनाट दिसतात ते सांधे. टाइलचा चकाकता थर काचेचाच. तेल-हळद तो पीत नाही. सांध्यातलं व्हाइट सिमेंट मात्र पितं. आईच्या इतक्या वर्षांच्या फोडण्या त्या रेघांत मुरल्या होत्या, शेगडीमागे तर रेघा पार काळ्या. गरम पाण्यात धुण्याचा सोडा घालून भिंत दोनदा धुतली. मग सांधे दोन-तीन मिलिमीटर खोल खरवडून काढले, भुकटी ब्रशने झाडली, आणि एपॉक्सी ग्राउट भरलं. ते दोन भाग एकत्र केले की तासाभरात घट्ट व्हायला लागतं, म्हणून थोडं थोडंच कालवायचं आणि टाइलवर आलेलं लगेच ओल्या स्पंजने पुसायचं. वाळलं की निघता निघत नाही. पहिली ओळ भरून पुसली, आणि त्या पांढऱ्या रेघेशेजारी तीच जुनी टाइल इतकी स्वच्छ दिसली की मी कितीतरी वेळ तिथेच उभी राहिले. तुझ्याकडेही एवढ्यानेच भागेल असं मला वाटतं.

सुनेला तुझ्या त्या द्राक्षांच्या परडीच्या टाइल्स नको आहेत, हे समजू शकते. तिला रंग हवा असेल तर रंगही देता येतो, पण घाई करू नका. आमच्या बाथरूमला एका कारागिराने नुसती पुसून भिंत रंगवली. दोन महिन्यांत नळाखालचा रंग दुधावरच्या सायीसारखा सुटून हातात आला. काचेवर रंगाला धरायला काही नसतं. पॉलिश पेपरने चकाकी पूर्ण मारायची, धुऊन वाळवायची, मग टाइलवर धरणारा प्रायमर, आणि वर एपॉक्सी रंगाचे दोन पातळ हात. सांधे आधी भरून घ्यायचे. शेवटच्या हातानंतर आठवडाभर तिथे पाणी नको, वाफ नको. तेवढे दिवस स्वयंपाक गॅलरीत केलात तरी चालेल.

जुन्या टाइल्सवर नव्या बसवतात, तेही मिस्त्री सुचवेल. त्यासाठीचं वेगळं चिकट मिश्रण मिळतं आणि घट्ट भिंतीवर ते टिकतं. पण भिंत सेंटिमीटरभर पुढे येते; स्विचबोर्ड आत जातात, नळाला जोड लावावा लागतो. टिकल्या फार लागल्या तर हा विचार सोडूनच दे. सुटलेल्या टाइलवर आणखी वजन टाकणं मला धोक्याचं वाटतं. टाइलवर चिकटवायचे स्टिकर कुणी सुचवले, तर ते शेगडीमागे अजिबात नको.

मोरीकडच्या भिंतीवर मात्र हात ठेवून बघ. पलीकडच्या खोलीत तिचा रंग फुगला असेल, पोपडे धरले असतील, तर आत ओल आहे. मग रंग, ग्राउट काही उपयोगाचं नाही. आधी गळती शोधायची, आणि तेवढी भिंत फोडावी लागली तर फोडायची. तिथे मी भाऊजींच्याच बाजूची आहे.

माळ्यावर आईच्या टाइल्स अजून पाच उरल्यात. तुझ्या 8 बाय 12 च्या आहेत, त्यामुळे मापाला बसणार नाहीत, पण एक तुला हवी असेल तर गरम भांडं टेकवायला पाठवते. टिकल्या किती लागल्या ते कळव.

तुझी,
धाकटी