रूपर्टची हजेरी

रूपर्ट पपकिन हा काही खलपुरुष नव्हे. मार्टिन स्कॉर्सेसी यांच्या ‘द किंग ऑफ कॉमेडी’ या १९८२ सालच्या चित्रपटाचा हा ३४ वर्षांचा नायक. दूरचित्रवाणीवर विनोदवीर म्हणून झळकावे, एवढाच त्याचा ध्यास. पण त्याचे नाव धड कोणाच्या तोंडीच बसत नाही. कोणी पम्पकिन म्हणतो, कोणी आणखी काही. तो न रागावता दुरुस्त करून देतो. वीस वर्षे वर्गात हजेरी घेणाऱ्या माझ्यासारख्या मास्तराला ही नम्रता ओळखीची वाटते. नाव चुकीचे पुकारले की वर्ग हसतो, आणि तो पोरगाही क्षणभर सुखावतो. निदान साऱ्या माना तरी त्याच्याकडे वळलेल्या असतात!

रात्री तळघरात हा गृहस्थ पुठ्ठ्याच्या पाहुण्यांशी गप्पा मारीत बसतो. वरून आई ओरडते, आवाज कमी कर. ती पडद्यावर दिसत नाही; नुसता आवाज येतो.

मला चटका लावला तो त्याच्या एका दिवास्वप्नाने. प्रख्यात जेरी लँगफर्डच्या कार्यक्रमात रूपर्टचे लग्न लागते आहे, आणि ते लावायला आले आहेत कोण? त्याचे शाळेतले जुने हेडमास्तर! ते भर सभेत म्हणतात, आमचे चुकले, सर्वांच्या वतीने क्षमा मागतो. टाळ्या लाखोंच्या हव्यात. पण त्या ऐकायला हेडमास्तर समोर हवेत. (ते बिचारे तोवर त्याला विसरूनही गेले असतील.)

पुढे रूपर्ट जेरीला पळवून नेतो. खंडणी मागतो ती पैशांची नव्हे, कार्यक्रमातल्या दहा मिनिटांची. त्या दहा मिनिटांत तो आईबापांचे दारूचे व्यसन, शाळेत खाल्लेला मार, सारे सांगून टाकतो. जेरीला बांधून ठेवले आहे हेही सांगतो. लोक हसतच राहतात.

माझ्या वर्गातला एक मुलगा स्नेहसंमेलनात नाचता नाचता रंगमंचावरून पडला. कोणीतरी ते मोबाइलवर टिपले, आणि आठ दिवस तालुकाभर त्याचेच नाव. आता मधल्या सुट्टीत मुले फर्माईश करतात आणि तो पुन्हा पडून दाखवतो. गुडघे सोलवटलेले असतात. ‘दुखत नाही का रे?’ विचारले, तर म्हणाला, ‘सर, तुम्ही पाहिलंत का?’

रूपर्टला सहा वर्षांची शिक्षा होते. पावणेतीन वर्षांत तो सुटतो, त्याचे आत्मचरित्रही येते, आणि अखेरीस दिव्यांच्या झोतात उभा राहतो. निवेदक त्याचे नाव पुन्हा पुन्हा पुकारतो, तेही अगदी बिनचूक. टाळ्या थांबत नाहीत. हे खरे की तळघरातलेच आणखी एक स्वप्न, हे चित्रपट सांगत नाही. रूपर्ट हसत, मान लववीत उभा असतो. बोलत मात्र काहीच नाही.

आई जाऊन नऊ वर्षे झाली, असाही एक विनोद त्याने त्या दहा मिनिटांत केला होता. मग वरून ओरडत होते ते कोण?