कडी वाजवा, दार उघडेल!

बालमित्रांनो, आज आपण इंग्लंडच्या उत्तर भागातल्या एका गावी जाऊ या. गावाचं नाव डरहॅम. तिथली माणसं मात्र बोलताना 'डरम' असंच म्हणतात. लंडनहून आगगाडीत बसलं की साधारण तीन तासांत डरहॅम येतं. स्टेशनच्या अलीकडे गाडी एका उंच पुलावरून जाते. तेव्हा उजव्या हाताच्या खिडकीतून बघायचं. समोर झाडीनं भरलेली टेकडी, तिला तिन्ही बाजूंनी वळसा घालणारी वीअर नदी आणि टेकडीच्या माथ्यावर तीन मनोरे असलेली एक भलीमोठी दगडी इमारत. हेच डरहॅमचं कॅथीड्रल.

प्रत्येक चर्च म्हणजे कॅथीड्रल नव्हे बरं का! ज्या चर्चमध्ये बिशपचं आसन असतं, तेच कॅथीड्रल. डरहॅमचं वैशिष्ट्य असं, की हे कॅथीड्रलही होतं आणि मठही. म्हणजे चर्च बिशपचं, पण तिथं राहणारे, प्रार्थना करणारे, कारभार सांभाळणारे सगळे साधू. त्यांच्या प्रमुखाला प्रायर म्हणत.

या साधूंची गोष्ट समुद्रकाठी सुरू होते. लिंडिसफार्न नावाच्या छोट्या बेटावर त्यांचा मठ होता. तिथले संत कथबर्ट इ. स. ६८७ मध्ये वारले. पुढे समुद्रातून येणाऱ्या व्हायकिंग लोकांच्या हल्ल्यांना कंटाळून ८७५ मध्ये साधूंनी बेट सोडलं आणि जाताना कथबर्टची शवपेटीही बरोबर घेतली. तिला घेऊन त्यांच्या पिढ्या ठिकठिकाणी राहिल्या. शेवटी ९९५ मध्ये ते डरहॅमच्या टेकडीवर स्थिरावले. आजही कथबर्टची समाधी इथंच आहे.

इथं आणखी एका विद्वान साधूची कबर आहे. त्याचं नाव बीड. आपल्या बीड जिल्ह्याशी त्याचा काही संबंध नाही हं! पण तुमच्या वहीशी मात्र आहे. रोज फळ्यावरून तारीख उतरवताना तुम्ही इसवी सन लिहिता ना? ख्रिस्ताच्या जन्मापासून वर्षं मोजायची पद्धत बीडच्या आधीच निघाली होती, पण त्यानं आपल्या ग्रंथांत ती वापरली आणि त्यामुळे ती युरोपभर पसरली.

आता इमारतीकडे वळू. बांधकाम सुरू झालं १०९३ मध्ये आणि मुख्य भाग पुरा झाला ११३३ मध्ये. चाळीस वर्षं! क्रेन नाही, सिमेंट नाही. आत गेलं की आधी नजरेत भरतात ते खांब. एकेका गोल खांबाचा घेर जवळजवळ साडेसहा मीटर. तुमच्या वर्गातली चार-पाच मुलं हात पसरून उभी राहिली, तरच तो कवेत येईल. कुणावर नागमोडी रेघा, कुणावर शंकरपाळ्यांसारखी नक्षी. गंमत म्हणजे ही नक्षी खांब उभा केल्यावर कोरलेली नाही. दगड जमिनीवर असतानाच प्रत्येकावर ठरलेल्या मापानं खाचा पाडल्या आणि मग ते एकावर एक रचले. एका दगडाचं माप चुकलं असतं, तर रेघ तुटली असती.

मग मान वर करायची. २२ मीटर उंचीवर छत आहे, तेही दगडाचं. एवढं वजन खाली का पडत नाही? छत्री उघडून पाहा. कापडाखाली काड्या असतात ना, तशा या छताला दगडी फासळ्या आहेत. छताचं वजन फासळ्यांवर येतं आणि त्या ते खांबांकडे, भिंतींकडे पोचवतात. एवढ्या मोठ्या इमारतीवर असं फासळ्यांचं छत घालण्याचं धाडस तेव्हा अगदी नवं होतं. पुढे युरोपात आकाशाला भिडणारी कॅथीड्रलं झाली, ती याच युक्तीच्या पुढच्या पायऱ्या.

चर्चच्या दक्षिणेला साधूंचं घर. आपल्याकडच्या चौसोपी वाड्यासारखं. मधे चौकोनी अंगण आणि चारी बाजूंनी छपराखालची ओसरी. इथला दिनक्रम आपल्याला कळतो, तो १५९३ मध्ये लिहिलेल्या एका पुस्तकामुळे. मठ बंद होऊन तेव्हा पन्नासेक वर्षं उलटली होती. लिहिणाऱ्यानं आपलं नाव दिलेलं नाही, पण साधूंची एकेक वस्तू, एकेक सवय त्यानं जिव्हाळ्यानं नोंदवून ठेवली आहे.

साधूंना मध्यरात्री उठून प्रार्थनेला जावं लागे. थंडी मरणाची, आणि ऊब घ्यायला अख्ख्या मठात त्यांच्यासाठी शेकोटी एकच! सकाळी अकराला घंटा वाजली की हात धुऊन जेवायला जायचं. हात धुवायला अंगणात गोल दगडी हौद होता आणि त्याला पितळेच्या चोवीस तोट्या होत्या. भोजनगृहाच्या दारापाशी कपाटांत स्वच्छ टॉवेल ठेवलेले असत. जेवताना गप्पा बंद. एक जण मोठ्यानं धर्मग्रंथ वाचायचा, बाकीच्यांनी ऐकत जेवायचं. जेवण झालं की वयस्कर साधू उत्तरेकडच्या ओसरीत आपापल्या लाकडी कप्प्यात वाचत बसत. पाठीमागच्या भिंतीला पुस्तकांची कपाटं. पश्चिमेच्या ओसरीत नवशिक्या साधूंची शाळा भरे.

आणि मठाच्या फाटकापाशी आणखी एक शाळा होती, गावातल्या गरीब मुलांसाठी. फी नाही, उलट जेवण मिळे. नवशिक्या साधूंच्या पंगतीतलं अन्न या मुलांना देत.

पण डरहॅम सगळ्यांत प्रसिद्ध झालं, ते उत्तरेकडच्या दारावरच्या कडीमुळे. एका अक्राळविक्राळ प्राण्याचं धातूचं तोंड आणि त्याच्या जबड्यात अडकवलेलं कडं. समजा, एखाद्याच्या हातून भांडणात खून झाला आणि लोक पाठीवर धावले. त्यानं पळत येऊन ही कडी वाजवायची. दाराच्या वरच्या खोलीत रात्रंदिवस माणसं जागी असत. ती लगेच दार उघडत आणि घंटा वाजवत. गावाला कळे, की कुणीतरी आसऱ्याला आलंय. त्याला गुन्हा कबूल करावा लागे. मग त्याला खांद्यावर पिवळा क्रूस असलेला काळा झगा मिळे, आणि ३७ दिवस खाणंपिणं, अंथरूण, सगळं मठाच्या खर्चानं. तेवढ्या दिवसांत राजाकडून माफी मिळवायची, नाहीतर देश सोडून जायचं. १४६४ ते १५२४ या काळात असे तीनशेहून अधिक लोक इथं आल्याची नोंद आहे. त्यांतले बहुतेक खुनाच्या गुन्ह्यातले.

खुन्याला आसरा? तुम्ही म्हणाल, हे कसं बरोबर? मेलेल्या माणसाच्या घरच्यांना काय वाटलं असेल? प्रश्न बरोबर आहे. पण दुसरी बाजूही पाहा. संतापलेला जमाव चौकशी करत नाही, आणि चुकीच्या माणसाला मारलं तर ते परत फिरवता येत नाही. ३७ दिवसांत डोकी थंड व्हायची. इंग्लंडनं १६२३ मध्ये कायदा करून ही प्रथा बंद केली.

त्याआधीच मठ संपला होता. राजा आठव्या हेन्रीनं देशातले सगळे मठ बंद केले. डरहॅमच्या मठाचा शेवटचा दिवस ३१ डिसेंबर १५३९. अनेक मठांची छपरं उतरवली गेली आणि भिंती उघड्या पडल्या. डरहॅम वाचलं, कारण ते कॅथीड्रल होतं. शेवटचा प्रायरच तिथला पहिला डीन, म्हणजे नवा प्रमुख झाला.

पण इमारत तीच राहिली, तरी माणसं बदलतात. १६५० मध्ये डनबारच्या लढाईत हरलेले सुमारे ३००० स्कॉटिश सैनिक याच कॅथीड्रलमध्ये कोंडले गेले. ज्या दारानं खुन्यालाही आत घेतलं, तेच दार आता बाहेरून बंद होतं. भूक आणि रोगराईनं त्यांतले सुमारे १७०० जण मेले. थंडीत कैद्यांनी आतलं लाकूडसामान जाळलं असं सांगतात. जुनं मोठं घड्याळ मात्र वाचलं. त्यावर काटेरी फूल कोरलेलं आहे आणि ते स्कॉटलंडचं फूल, म्हणून त्यांनी त्याला हात लावला नाही, असं लोक म्हणतात.

२०१३ मध्ये जवळच एका बांधकामाच्या वेळी या कैद्यांचे सांगाडे सापडले. शास्त्रज्ञांनी तपासलं, तेव्हा त्यांतले बहुतेक १३ ते २५ वर्षांचे निघाले. म्हणजे काही जण सातवी-आठवीतल्या मुलांएवढे! २०१८ मध्ये डरहॅममध्येच त्यांचं पुन्हा दफन करण्यात आलं.

१९८६ मध्ये डरहॅमचा किल्ला आणि कॅथीड्रल जागतिक वारसा झाले. जुन्या गोव्यातल्या चर्चनाही त्याच वर्षी हा मान मिळाला. साधूंच्या निजायच्या लांबलचक खोलीत आता जुने ग्रंथ आहेत. शेजारच्या किल्ल्यात विद्यापीठातले विद्यार्थी राहतात. खरी कडी आत संग्रहालयात जपून ठेवली आहे, दारावर आहे ती तिची हुबेहूब प्रतिकृती.

आज रात्री जेवताना घरात हा विषय काढा. कुणी दार ठोठावलं, तर आधी 'तू कोण, काय केलंस?' असं विचारायचं, की आधी आत घ्यायचं? आई, बाबा, आजी काय म्हणतात ते ऐका. सगळ्यांचं उत्तर एकच येईल असं मात्र समजू नका!