गोल तव्यावरचं जपान

आपल्या छत्रपती संभाजीनगरचं जपानशी नातं जुनं आहे, आणि ते अजिंठ्यामुळे. शंभरेक वर्षांपूर्वी काम्पो अराई हा जपानी चित्रकार तिथल्या भित्तिचित्रांच्या प्रती करायला आला होता. पुढे १९९२ मध्ये आणि पुन्हा २००३ मध्ये जपानने अजिंठा-वेरूळच्या विकासासाठी कर्ज दिलं. आपलं विमानतळ सुधारलं त्यातही त्या येनचा वाटा आहे. चित्रकार आला, पैसा आला, पर्यटकही आले. मागे राहिला तो नाश्ता. नान खलियाच्या या गावात कुठल्याही गाडीवर ‘तामागोयाकी’ मागून बघा. समोरचा विचारेल, “आम्लेट-पाव देऊ का?”

तसं तो फार चुकत नाही. तामागो म्हणजे अंडं, याकी म्हणजे भाजलेलं. पण हे ऑम्लेट पसरत नाही, गुंडाळतात. पातळ थर, त्याची गुंडाळी, तिच्यावर पुन्हा थर. टोकियोकडे ते गोडसर करतात, ओसाका-क्योटोकडे सुकवलेला मासा आणि समुद्री शेवाळ यांचा ‘दाशी’ हा अर्क घालून मऊ करतात. तिकडे यासाठी खास चौकोनी तवा असतो.

तव्यावरून आठवलं. सिडकोत खोली देतानाच घरमालकीण काकूंनी सांगितलं होतं, “मटण-मच्छी नाही. अंडं चालेल, पण तवा वेगळा, आणि वास जिन्यात यायला नको.” अंड्याच्या तव्याचं नशीब आपल्या घरांत ठरलेलंच असतं, नाही का? सगळ्यात जुना, दांडा डुगडुगणारा तो अंड्याला. तामागोयाकीला मात्र नेमका घरातला सगळ्यात चांगला तवा लागतो. मी चौकोनी शोधत बसलो नाही, आठ इंची गोल नॉनस्टिक पॅन घेतला.

बाकी सामान औरंगपुऱ्याच्या भाजी मंडईत मिळतं. गाजर, ढोबळी मिरची, कांद्याची पात. सोया सॉस, चायनीजच्या गाड्यांच्या कृपेने, कोपऱ्यावरच्या किराणा दुकानातही असतो. मासा घातलेली दाशी काकूंच्या अटीत बसत नाही, त्यामुळे दोन सुके मश्रूम भिजवलेलं पाणी घ्या. नसतील तर साधं पाणी. मिरीन नावाची गोड तांदळाची वाइन घालतात, तिच्याऐवजी साखर.

चार अंड्यांना तीन टेबलस्पून पाणी, एक टीस्पून साखर, अर्धा टीस्पून सोया सॉस, चिमूटभर मीठ. फेस काढू नका, काट्याने नुसतं एकजीव करा. भाज्या कोशिंबिरीपेक्षाही बारीक चिरून मिनिटभर परता, गार करा, मग अंड्यात घाला. तीन-चार चमच्यांपेक्षा जास्त नको. माझा पहिला रोल गाजराच्या हौसेपायीच फुटला. शेवटी त्याची भुर्जी केली.

आता खरा फंडा. गॅस मंद. पॅनला तेलाचा बोळा फिरवा, पाव भाग मिश्रण ओता. दोन्ही बाजूंच्या गोल कडा आत दुमडा म्हणजे गोल तव्याला चौकोनाची अक्कल येते. वरचा भाग ओलसर असतानाच गुंडाळायला घ्या. पूर्ण सुकला की थर एकमेकांना चिकटत नाहीत, आपण इथेच गडबड करतो. रोल एका कडेला सरकवा, पुन्हा तेल, पुन्हा मिश्रण. रोल थोडा उचलून त्याच्याखालीही जाऊ द्या आणि उलट दिशेने गुंडाळत या. असं चार वेळा. मग स्वच्छ सुती कापडात घट्ट गुंडाळून पाच मिनिटं ठेवा. सुरळीच्या वड्या जमत असतील तर हात लगेच बसेल.

कापताना दोन्ही टोकं वेडीवाकडी निघतात. ती करणाऱ्याची! बाकीच्या वड्या वाळूजच्या कंपनीत डब्यातून नेतो. उन्हाळ्यात मात्र नाही, आपल्याकडच्या मे महिन्यात अंडं डब्यात ठेवायची हिंमत करू नये.

काकू अंडं खात नाहीत. परवा त्यांनी जिन्यात थांबवलं. “वास काही येत नाही रे तुझ्या त्या जपान्याचा.” मी नातवासाठी चार वड्या दिल्या. दुसऱ्या दिवशी तो रिकामी ताटली घेऊन वर आला. “आजी म्हणाली, माझ्या शाळेच्या डब्यासाठी कसं करायचं ते लिहून दे. आणि साखर कमी.”