वायरचं म्हणणं काय होतं

प्रिय मुक्ता,

तुझ्या गेममधलं ‘पायमन’ हे नाव आलं कुठून, असं परवा विचारलंस. तू आता मानसोपचाराकडे वळते आहेस, म्हणून सविस्तर लिहिते.

योहान वायर हा जर्मनीतल्या क्लेव्हच्या ड्यूकचा राजवैद्य. बायकांना चेटकिणी म्हणून जाळण्याचे ते दिवस. त्या शतकांत युरोपात सुमारे ४० ते ६० हजार माणसं मारली गेली, बहुतेक बायका. १५६३ साली वायरने बाझेलला लॅटिन ग्रंथ छापला. सैतान तोही मानत होता. पण ‘आम्ही गारपीट आणली’ असं कबूल करणाऱ्या म्हाताऱ्या आजारी आहेत, त्यांना भास होतात, त्यांना आधी वैद्याला दाखवा, असं त्याने बजावलं. आणि सैतानाशी करार केला म्हणता, तर भ्रमिष्टाने केलेला करार कायद्यात टिकतो कसा, असंही विचारलं. त्या काळात हे लिहायला छाती लागते गं!

उन्ना गावची एक मुलगी अन्नावाचून जगते, अशी आवई उठली होती. वायरने तिला बहिणीसकट स्वतःच्या घरी ठेवून घेतलं आणि बारीक लक्ष ठेवलं. बहीण तिला चोरून खाऊ घालत होती. लबाडी उघड झाली, तरी पोरीला शिक्षा होऊ नये म्हणून त्यानेच ड्यूककडे रदबदली केली.

पायमन येतो तो १५७७ मध्ये. मांत्रिकांचं थोतांड उघडं पाडायला वायरने एका जुन्या हस्तलिखितातली ६९ राक्षसांची यादी ग्रंथाला जोडली; पायमन त्यातलाच एक. कुणी प्रयोग करू नयेत म्हणून काही मजकूर मुद्दाम गाळला. १५८४ साली इंग्लंडच्या रेजिनाल्ड स्कॉटने, तोही चेटकीण-खटल्यांच्या विरोधातच, ती यादी इंग्रजीत आणली. पुढच्या शतकात तिच्यावरूनच मांत्रिकांची पोथी तयार झाली, ७२ राक्षसांची. स्कॉटच्या पुस्तकाच्या १६६५ च्या आवृत्तीत तर कुणी अनामिकाने मंत्रतंत्राची नवी प्रकरणंच घुसडली! मला याचा मनापासून संताप येतो. ज्याने बायकांना वाचवायला लेखणी उचलली, त्याची यादी जगभर गेली आणि युक्तिवाद मागे राहिला. न्यायपंडित झाँ बोदँने १५८० साली वायरवरच चेटकिणींना पाठीशी घातल्याचा आरोप केला.

वायरच्या ग्रंथाचं इंग्रजी भाषांतर १९९१ साली निघालंय. तुमच्या ग्रंथालयात शोध. यादी नंतर बघ, आधी चेटकिणींवरचा तिसरा भाग वाच, आणि त्याचं निदान आजच्या डॉक्टरला कितपत पटतं ते मला कळव.

तुझी,
मावशी