शाळा टिकली, पण बोली?

उन्हाळ्याच्या सुट्टीत आम्ही मुंबईला गेलो होतो. वांद्र्याला सेंट अँड्र्यूज चर्चपाशी मुलांना तिथल्या शाळेची गोष्ट सांगितली. साष्टी बेटावरचा मराठ्यांचा अंमल १७७४ मध्ये संपला आणि १७८० मध्ये ही शाळा निघाली. आज तिथे मुले-मुली एकत्र शिकतात. एवढी जुनी शाळा! आम्हाला फार कौतुक वाटले.

वांद्र्याच्या जुन्या ख्रिस्ती रहिवाशांची, म्हणजे ईस्ट इंडियन लोकांची, घरची बोली मराठीच. ओळखीच्या एका आजींना आम्ही तिच्याविषयी विचारले. त्या म्हणाल्या, "मुलांना अभ्यास सोपा जावा म्हणून आम्हीच घरात इंग्लिश बोलायला लागलो. आता नातवंडांना माझी गाणी कळत नाहीत."

आम्ही दोघे गप्प झालो. मस्कतला आमच्या घरी तरी दुसरे काय चालले होते? कॉम्प्युटरमधल्या फाइलची कॉपी काढून ठेवता येते. बोली मात्र रोज वापरली तरच राहते.

परत आल्यावर नियम केला: रात्रीचे जेवण मराठीतच. पहिल्या रात्री पानावर सगळे मुकाट! परवा मात्र धाकटी म्हणाली, "आई, कोशिंबीर वाढ ना." आम्ही दोघांनीही एकदमच वाढली.