प्लझेनचे दोन आवाज

लहानपणी टीव्हीवर अर्धवटराव बोलू लागला की मी शब्दभ्रमकार रामदास पाध्यांच्या ओठांकडे टक लावून बसायचे. हा अर्धवटराव त्यांच्याकडे वडिलांकडून, यशवंत पाध्यांकडून आला, हे पुढे कळलं. बाहुली वारशानं मिळते हे पटलं. पण आवाज कसा मिळतो, हा प्रश्न मनात घर करून राहिला. मागच्या वर्षी प्रागला गेले असताना कुणीतरी सहज म्हणालं, "बाहुल्यांचं एवढं वेड असेल तर प्लझेनला जा. बाहुलीकार स्कूपांचं गाव ते." दुसऱ्याच दिवशी गाडीत बसले.

दीडेक तासाचा प्रवास. लोक इथं येतात ते बिअरसाठी. १८४२पासून नावाजलेली ती भट्टी मी बाहेरूनच पाहिली. चौकातल्या चर्चचा १०२ मीटरचा मनोरा मान वर करून पाहिला, चढले नाही. खोली मात्र अगदीच वाईट मिळाली. हीटर बंद, खिडकीखालून ट्रामचा खडखडाट. तक्रार केली तर कुणी दाद घेईना. रात्र बसून काढली आणि बाहुल्यांचं संग्रहालय उघडताच आत शिरले.

काचेपलीकडे स्पेइबल उभा होता. टक्कल, मोठाले कान, काळा कोट, पांढरे हातमोजे आणि पायांत लाकडी खडावा. अंगावर साहेबी थाट, पायांत खेडं. शाळेत चित्रकला शिकवणाऱ्या योसेफ स्कूपांनी १९२० साली हा मध्यमवर्गीय शहाणा रंगमंचावर आणला. १९२६ साली त्याला मुलगा मिळाला, हुर्वीनेक. बाप ठाम बोलायचा आणि पोरगा प्रश्न विचारून त्याला निरुत्तर करायचा. दोघांचेही आवाज स्कूपांचेच, बापाचा घोगरा आणि मुलाचा चिरका.

तिथंच एका वयस्कर अभ्यासकाशी माझा वाद झाला. त्यांचं म्हणणं असं, की स्पेइबल कोरला करेल नोसेकनं, हुर्वीनेक गुस्ताव नोसेकनं. मग सगळं नाव स्कूपांचंच का? मुद्दा खरा होता. कोरणाऱ्याचं नाव मागं पडतं, हा अन्यायच आहे. पण मी म्हटलं, १९१८च्या ऑक्टोबरमध्ये याच गावात स्कूपांच्या कास्पारेक या बाहुल्यानं ऑस्ट्रियाचं साम्राज्य रंगमंचावर पुरलं, ते लाकडाच्या बळावर नव्हे. पुढे जर्मनांच्या अमलात सूचक नाटकांतून लोकांना धीर दिला, तोही आवाजानंच. म्हणून तर जानेवारी १९४४ मध्ये गेस्टापोनं स्कूपांना पकडलं. फेब्रुवारी १९४५च्या बाँबवर्षावात ड्रेस्डेनचा तुरुंग पेटला, तेव्हा ते निसटले आणि त्याच वर्षी प्रागमध्ये पुन्हा पडदा उघडला. अभ्यासक ऐकून घेत होते. शेवटी एवढंच म्हणाले, "नोसेक काका-पुतण्यांचं नावही लिहा." ते मी लिहिलं.

दुपारच्या गाडीनं परतायचं ठरलं होतं. पण पाय गावच्या मोठ्या दफनभूमीकडं वळले. स्कूपा तिथं विसावले आहेत. त्यांच्या हाताखाली घडलेले, पुढे बाहुलीपटांसाठी जगभर नावाजलेले यिरी त्र्नकाही तिथंच. पाऊस भुरभुरत होता. मी बराच वेळ उभी राहिले. गाडी चुकली, त्याचं काहीच वाटलं नाही.

माझ्या जुन्या प्रश्नाचं उत्तर प्रागमध्ये मिळालं. डेइव्हित्से भागातल्या स्पेइबल-हुर्वीनेकच्या नाट्यगृहात शेजारची पाच-सहा वर्षांची मुलगी खुर्चीच्या टोकावर सरकून बसली होती. हुर्वीनेकनं खडावा आपटल्या आणि ती खुदकन हसली. मला चेक भाषा येत नाही, तरी बापलेकांचं भांडण कळत होतं. स्कूपा १९५७ साली गेले. त्यांच्या हयातीतच मिलोश किर्शनर यांनी दोन्ही आवाज आत्मसात केले होते. किर्शनर यांच्यामागून ते मार्टिन क्लासेक यांच्याकडे आले. आवाज मिळतो तो असा, वर्षानुवर्षं शेजारी उभं राहून, कान देऊन.

प्रागला गेलात तर पूल आणि किल्ला पाहाच, पण एक संध्याकाळ या दोघांसाठी राखून ठेवा.